वूडू : एका बदनाम शब्दामागचा धर्म

‘वूडू’ हा शब्द आपल्यापर्यंत इंग्रजी रहस्यकथा आणि हॉलिवूडचे चित्रपट यांच्यामार्गे आला. त्यामुळे टाचण्या टोचलेली बाहुली आणि चालते प्रेत एवढाच त्याचा अर्थ आपल्या मनात रुजला. मूळ शब्द मात्र पश्चिम आफ्रिकेतील फोन भाषेतला असून देवता, आत्मशक्ती असा त्याचा अर्थ आहे.

दाहोमे (आजचा बेनिन), कांगो इत्यादी प्रदेशांतून गुलाम म्हणून आणलेल्या माणसांनी सँ-दोमँग या फ्रेंच वसाहतीत, म्हणजे आजच्या हैतीत, हा धर्म घडवला. १६८५च्या ‘कोड न्वार’ या फर्मानाने गुलामांना बाप्तिस्मा सक्तीचा केला. गुलामांनी आपले देव सोडले नाहीत. ते त्यांना संतांच्या तसबिरींत दिसू लागले. संत पॅट्रिकच्या पायाशी साप असतो, म्हणून त्याच्यात त्यांनी सर्पदेव दांबाला पाहिला. बोंद्ये हा परमेश्वर दूरस्थ; माणसांच्या सुखदुःखात लक्ष घालतात ते ‘ल्वा’. ते भक्ताच्या अंगात येतात आणि अशा भक्ताला ल्वाचा ‘घोडा’ म्हणतात. आपल्याकडे त्याला ‘झाड’ म्हणतात, हे इथे सहज आठवते.

ऑगस्ट १७९१ मध्ये ब्वा कैमान येथे बुकमन याच्या पुढाकाराने झालेल्या धार्मिक विधीतून गुलामांचे बंड पेटले, असे परंपरा सांगते. या विधीचा पहिला छापील वृत्तान्त १८१४चा, तोही दाल्मास या बंडविरोधी फ्रेंच डॉक्टरचा. त्यामुळे त्याच्या तपशिलांवर अभ्यासकांत वाद आहे. वूडूच्या इतिहासाची ही मूळ अडचण आहे : त्याची बहुतेक जुनी साधने विरोधकांच्या लेखणीतून उतरलेली आहेत.

१८०४ साली हैती स्वतंत्र झाला. वूडू झाला नाही. १८३५च्या दंडसंहितेने त्याच्या आचारांना गुन्हा ठरवले. १९१५ ते १९३४ या अमेरिकी ताब्याच्या काळात सीब्रुक यांचे ‘द मॅजिक आयलंड’ (१९२९) आणि ‘व्हाइट झोम्बी’ हा चित्रपट (१९३२) आला आणि झोम्बी जगभर करमणुकीचा विषय झाला. वस्तुतः झोम्बी म्हणजे इच्छाशक्ती हिरावून घेऊन मरणानंतरही राबवला जाणारा माणूस. हैतीच्या लोकमानसात झोम्बीची भीती वाटते, ती तो आपल्याला खाईल म्हणून नव्हे. आपणच झोम्बी होऊ म्हणून. गुलामीची स्मृती याहून नेमकेपणाने कोणत्या प्रतिमेत साठवता आली असती?

झाँ प्राइस-मार्स यांनी १९२८ मध्ये वूडू हा धर्मच आहे, असे ठामपणे मांडले. फ्रान्सचे अनुकरण करणाऱ्या स्वदेशी अभिजनांच्या वृत्तीला त्यांनी ‘सामूहिक बोव्हारीवाद’ म्हटले. फ्लोबेरची नायिका अशी समाजचिकित्सेच्या कामी आली! तरीही १९४१-४२ मध्ये कॅथलिक चर्चच्या ‘अंधश्रद्धाविरोधी’ मोहिमेत पूजास्थाने उद्ध्वस्त झाली, ढोल जाळले गेले.

वूडूला धर्म म्हणून शासकीय मान्यता मिळाली २००३ साली. पण २०१०च्या भूकंपानंतर आलेल्या कॉलऱ्याच्या साथीत रोग पसरवल्याच्या आरोपावरून जमावांनी वूडू पुजाऱ्यांना ठार केले. कायद्याने दिलेली प्रतिष्ठा मनात उतरायला वेळ लागतो. दोन शतके कथा-कादंबऱ्यांनी एखाद्या शब्दात भय भरले, तर त्याची किंमत जिवंत माणसे मोजतात. साहित्याच्या अभ्यासकाने निदान एवढे तरी विसरू नये.