रॉय फ्रान्सिस: यादीत नसलेलं नाव

आजचा भाग कानांनी ऐकायला वेळ मिळाला नसेल, तर लोकलमध्ये उभ्या उभ्या वाचून काढा. गोष्ट छोटी आहे, पण डोक्यात राहणारी आहे.

शाळेत असताना कबड्डीच्या टीमची यादी बोर्डावर लागायची. दोन वर्षं मी ती वरून खाली आणि खालून वर वाचली. माझं नाव नव्हतं. खरं सांगायचं तर मी तेवढा चांगला खेळतच नव्हतो. पण तेव्हा एक गोष्ट लक्षात आली, यादीत फक्त नावं असतात. ज्याला घेतलं नाही, त्याला का घेतलं नाही, हा रकाना कुठल्याच यादीत नसतो.

आजचा आपला माणूस मात्र खरोखर चांगला खेळायचा. रॉय फ्रान्सिस. खेळ, रग्बी लीग.

आता हा कुठला खेळ? आपण टीव्हीवर बघतो ती बहुतेक वेळा १५ जणांची रग्बी युनियन. लीगमध्ये १३ जण. दोघींची फारकत झाली १८९५ मध्ये, इंग्लंडमधल्या हडर्सफील्ड गावात, आणि भांडण होतं पगाराचं. उत्तर इंग्लंडमधले खेळाडू खाणीत नाहीतर गिरणीत कामाला. शनिवारी मॅच खेळायची म्हणजे त्या दिवसाची मजुरी बुडणार. ती भरून द्या, असं त्यांचे क्लब म्हणत होते. लंडनचे साहेब म्हणाले, छे, खेळ हौसेसाठी असतो! गिरणगावच्या गोष्टी ऐकत वाढलेल्यांना हा संवाद ओळखीचा वाटेल. शेवटी उत्तरेचे क्लब बाहेर पडले. तेव्हापासून लीग हा कामगारांचा खेळ.

रॉयचा जन्म १९१९ चा, वेल्समधल्या कार्डिफचा. तो वाढला ब्रिनमॉर या खाणपट्ट्यातल्या गावात. रंगाने सावळा. पाय मात्र वाऱ्यासारखे. १९३६ मध्ये, १७ व्या वर्षी विगनसारख्या बड्या क्लबने त्याला करारबद्ध केलं. मग क्लबला नवा मॅनेजर आला, हॅरी सन्डरलँड, ऑस्ट्रेलियाचा. त्याच्या लेखी रॉयला किंमत नव्हती. १९३९ च्या सुरुवातीला रॉयला बॅरो क्लबला विकून टाकलं. रंगामुळे विकलं असं आज बरेच जण मानतात. कागदावर अर्थातच तसं काही नाही. सांगितलं ना, तो रकानाच नसतो.

युद्ध आलं. रॉय सैन्यात शारीरिक शिक्षणाचा सार्जंट झाला. माणसाचं शरीर कसं घडवायचं, हे तो तिथे शिकला. पुढे हेच कामाला येणार होतं.

१९४६. युद्ध संपलेलं. ब्रिटनची टीम ऑस्ट्रेलियाच्या दौऱ्यावर निघाली, तीही चक्क विमानवाहू युद्धनौकेतून. नौकेचं नाव इंडोमिटेबल, म्हणजे न नमणारी. टीमलाही तेच नाव चिकटलं आणि ती मालिका न हरता परत आली. कॅप्टन होता गस रिसमन, कार्डिफचाच. रॉय ऐन भरात होता, तरी त्याचं नाव यादीत नव्हतं. तेव्हा ऑस्ट्रेलियात गोऱ्यांनाच थारा देणारं सरकारी धोरण होतं. तिथे पंचाईत नको, म्हणून निवड समितीने त्याला घरी ठेवलं, असंच आज बहुतेक अभ्यासक सांगतात.

पुढच्या वर्षी, डिसेंबर १९४७ मध्ये, न्यूझीलंडविरुद्ध ब्रॅडफर्डला त्याला एक टेस्ट मिळाली. ब्रिटनसाठी रग्बी लीग खेळलेला तो पहिला कृष्णवर्णीय. त्या मॅचमध्ये त्याने दोन ट्राय केल्या. ट्राय म्हणजे बॉल घेऊन समोरच्या गोलरेषेपलीकडे टेकवणं. दोन ट्राय केल्यावर पुढची टेस्ट मिळायला हवी ना? ती त्याची पहिली आणि शेवटची टेस्ट.

इथपर्यंत गोष्ट अन्यायाची आहे, आणि अशा गोष्टी आपण पुष्कळ ऐकतो. मला खरी मजा वाटते ती पुढे. समजा, ज्याला यादीतून वगळलं, त्याच्याच हातात एक दिवस यादी आली तर?

१९४९ मध्ये रॉय हल क्लबमध्ये आला आणि थोड्याच वर्षांत तिथला कोच झाला. ब्रिटनमधल्या कुठल्याही व्यावसायिक खेळातला पहिला कृष्णवर्णीय कोच म्हणून त्याचं नाव घेतलं जातं. त्याने काय केलं? मॅचची फिल्म लावून चुका दाखवल्या. धावण्याचा सराव शास्त्रशुद्ध केला. खेळाडूच्या मनात काय चाललंय, हे बसून विचारलं. आणि खेळाडूंच्या बायकामुलांना क्लबमध्ये सामील करून घेतलं. आज प्रत्येक टीमकडे यासाठी वेगळा स्टाफ असतो. हा गडी ते १९५० च्या दशकात करत होता.

हलने १९५६ आणि १९५८ ची चॅम्पियनशिप मारली. १९५६ ची फायनल हॅलिफॅक्सविरुद्ध, १०-९. एका पॉइंटने!

१९६१ मध्ये हलकडे एक सैनिक पोरगा ट्रायलला आला, खोट्या नावाने. कारण लीगची नुसती ट्रायल दिल्याचं कळलं, तरी युनियनवाले दरवाजा बंद करायचे. पोरगा कार्डिफचा, कृष्णवर्णीय. लहानपणी पायांवर इतकी ऑपरेशनं झालेली, की हा नीट चालेल की नाही अशी शंका होती. हलने त्याला लगेच घेतलं. त्याचं नाव क्लाइव्ह सलिव्हन.

पुढे रॉय लीड्सला गेला. १९६८ ला वेम्बलीवर, पाण्याने तुंबलेल्या मैदानात लीड्सने चॅलेंज कप जिंकला, ११-१०. शेवटच्या क्षणी वेकफील्डच्या डॉन फॉक्सची अगदी पोस्टसमोरची किक हुकली. मग रॉय ऑस्ट्रेलियाला गेला, नॉर्थ सिडनीचा कोच म्हणून. खेळाडू म्हणून जिथे नेलं नाही, तिथे २३ वर्षांनी. शेवट गोड होता असं मी म्हणणार नाही. तिथेही रंगावरून त्रास झाला असं सांगतात. दोन सीझननंतर तो परतला.

पण १९७० मध्ये ब्रिटनने ऑस्ट्रेलियात ॲशेस जिंकली. हो, रग्बी लीगलाही ॲशेस असते. कोच होता जॉनी व्हाइटली, हलमध्ये रॉयच्या हाताखाली खेळलेला. त्यानंतर आजपर्यंत ब्रिटिशांना ती जिंकता आलेली नाही. आणि १९७२ च्या वर्ल्ड कप फायनलमध्ये, ऑस्ट्रेलियाविरुद्धच, लांबलचक धाव घेऊन ट्राय करणारा ब्रिटनचा कॅप्टन होता क्लाइव्ह सलिव्हन. कुठल्याही खेळात ब्रिटनच्या राष्ट्रीय टीमचा पहिला कृष्णवर्णीय कॅप्टन.

रॉय १९८९ मध्ये गेला. २०२३ मध्ये ब्रिनमॉरला त्याचा पुतळा उभा राहिला. चांगलं झालं, पण उशीरच झाला.

मला त्याच्यातलं काय आवडलं सांगू? त्याला ज्या यादीत घेतलं नाही, ती त्याने फाडली नाही, नुसता तिच्या नावाने बोटं मोडत बसलाही नाही. स्वतःची यादी लिहायची वेळ आली, तेव्हा माणूस बघितला. तुमच्याही हातात कधी ना कधी एखादी यादी येईल. सोसायटीच्या क्रिकेट टीमची का असेना. तेव्हा ज्याचं नाव गाळाल, त्याच्यापुढे कारण लिहून बघा. लिहिता आलं नाही, तर नाव परत घाला.

भेटू पुढच्या भागात.