फेट/स्टे नाइट

‘व्हिज्युअल नॉव्हेल’ प्रकारातील जपानी कथाखेळ. निर्मिती टाइप-मून, लेखन किनोको नासू, चित्रे ताकाशी ताकेउची. ३० जानेवारी २००४ रोजी विंडोज संगणकांसाठी प्रसिद्ध झाला. मूळ आवृत्ती फक्त प्रौढांसाठी होती.

कथानक : फुयुकी या काल्पनिक शहरात इच्छापूर्ती करणाऱ्या चषकासाठी सात जादूगारांत युद्ध जुंपते. त्यात शिरो एमिया हा विद्यार्थी ओढला जातो.

मार्ग व शेवट : शिरोने काय करावे हे ठिकठिकाणी वाचक ठरवतो. मार्ग तीन : ‘फेट’ (नायिका सेबर), ‘अनलिमिटेड ब्लेड वर्क्स’ (रिन तोसाका) आणि ‘हेवन्स फील’ (साकुरा मातो). हे मार्ग याच क्रमाने उघडतात. आवडती नायिका पहिल्याच खेपेस गाठण्याची सोय नाही. इलिया या आणखी एका पात्राचा स्वतंत्र मार्ग योजला होता, तो पुढे ‘हेवन्स फील’मध्येच मुरवला. पहिल्या मार्गाला एक आणि उरलेल्या दोहोंना प्रत्येकी दोन, असे पाच मुख्य शेवट. शिवाय वाईट शेवट चाळीस. काही उत्तरांनी नायिकेच्या जिव्हाळ्याचे गुण वाढतात, पण ते पडद्यावर दिसत नाहीत. त्यामुळे पर्याय समोर येताच ‘सेव्ह’ करून ठेवणे आणि पुढच्या खेपेस वाचलेला मजकूर ‘स्किप’ करणे हीच रूढ रीत.

टायगर दोजो : वाईट शेवटानंतर उघडणारे विनोदी प्रकरण. शिरोची इंग्रजीची शिक्षिका तायगा हाती बांबूची तलवार घेऊन वाचकाची हजेरी घेते. इलिया तिची शिष्या. पाऊल कुठे चुकले, मागे कुठवर जावे, हे दोघी सांगतात. वाचक मुद्दाम मरू लागतो तो याच प्रकरणापायी. मात्र सर्वच वाईट शेवट चुकीतून येत नाहीत. ‘हेवन्स फील’मध्ये शिरो साकुराला सोडून अनेकांना वाचवण्याच्या आपल्या तत्त्वाला चिकटला, तर कथा तिथेच संपते. तो जगतो, पण आतून दगड होऊन. प्रस्तुत नोंदकाराच्या मते खेळातील सर्वांत कसदार शेवट हाच. मुख्य पाचांत त्याची गणना नाही. पाचांपैकी अधिकृत कोणता, यावर एकमत नाही.

इतर आवृत्त्या : ‘रेआल्टा नुआ’ (प्लेस्टेशन २, २००७) मध्ये प्रौढ प्रसंग गाळून पात्रांना आवाज दिले, ‘फेट’ मार्गाला उपसंहार जोडला. तिन्ही मार्गांवर अ‍ॅनिमे निघाले.

इंग्रजीत चाहत्यांचे भाषांतर २००८ मध्ये पूर्ण झाले; अधिकृत इंग्रजी आवृत्ती यायला २०२४ उजाडले.