ख्रिस्तपुराणातील शब्दबदल

पेडण्यातील केरीच्या धक्क्यावरून फेरीबोटीने तेरेखोलची खाडी ओलांडली की किल्ल्यातील सांत अंतोनीच्या देवालयापाशी आपण येतो. गोमंतकीय ख्रिस्ती त्यास 'इगर्ज' म्हणतात. तेथून अगदी जवळ सुरू होणाऱ्या महाराष्ट्रात 'चर्च' किंवा 'प्रार्थनामंदिर' म्हटले जाते. बोलण्यात हे चालते. परंतु ग्रंथातील एक नाव काढून दुसरे बसविल्यास ग्रंथ तोच राहतो काय, असा प्रश्न फादर थॉमस स्टीफन्स यांच्या ख्रिस्तपुराणाबाबत उभा राहिला आहे.

हे पुराण १६१६ साली राशोल येथे रोमन लिपीत छापले गेले. त्या आवृत्तीची प्रत आज ज्ञात नाही. सालढाणा यांनी हस्तलिखितांवरून १९०७ साली मंगळूरला ते पुन्हा छापले. त्यात ख्रिस्ती संस्कारांना व पदांना पोर्तुगीज नावे आहेत. पुढे जस्टिन अॅबट यांनी लंडनमधील मार्सडेन संग्रहातील देवनागरी प्रत उजेडात आणली. तीत अशा अनेक ठिकाणी संस्कृत पर्याय आढळतात. अॅबटांनी हीच मूळ संहिता मानली.

आम्हास ते पटत नाही. साध्या लोकांस कळावे म्हणून कठीण मराठी शब्द टाळून ब्राह्मणांच्या बोलीतील, म्हणजे कोंकणीतील, सोपे शब्द मिसळले, असे ग्रंथकाराने प्रस्तावनेतच सांगितले आहे. संस्कृतीकरणाचा हात कोणा दुसऱ्याचा, दुसऱ्या श्रोत्यांसाठी फिरलेला दिसतो.

हा हात कुशल असला पाहिजे. ओवीला अक्षरांचे कडक बंधन नाही, पण पहिल्या तीन चरणांचे यमक आहे. शब्द यमकाच्या जागी असला की सारा चरण नव्याने रचावा लागतो. खरी अडचण मात्र अर्थाची. 'बाप्तिस्मा' हा शब्द परका, म्हणून रिकामा. शिकविणाऱ्याने तो भरावयाचा असतो. 'स्नान' भरलेलेच येते. तीर्थस्नान पर्वापर्वाला होते, बाप्तिस्मा एकदाच. संत फ्रान्सिस झेवियर यांना जपानात हेच अनुभवास आले: देवासाठी घेतलेला 'दाइनिची' हा शब्द बुद्धाच्या एका रूपाचे नाव निघाला, आणि त्यांना 'देउस'कडे परतावे लागले.

तरीही गोव्याच्या कोंकणी उपासनेत 'स्पिरितु सांतु' जाऊन 'पवित्र आत्मो' आला आहे, आणि तो लोकांनी स्वीकारला. मराठीत तर 'पवित्र आत्मा' कधीचाच रुळला. त्यात कोणाचा श्वास अडत नाही.