राजकुमार हिरानी : संकलनाच्या टेबलावर घडलेला लेखक

हिंदी चित्रपटसृष्टीतील नागपूरकरांत राजकुमार हिरानी यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते. २००३ ते २०२३ या वीस वर्षांत त्यांनी अवघे सहा चित्रपट दिग्दर्शित केले. ही संख्या इतकी अल्प का, याचे उत्तर त्यांच्या लेखनपद्धतीत सापडते.

२० नोव्हेंबर १९६२ रोजी नागपुरातील सिंधी कुटुंबात त्यांचा जन्म झाला. फाळणीमुळे विस्थापित झालेले वडील सुरेश हिरानी नागपुरात टंकलेखनाची संस्था चालवीत. मुलाने सनदी लेखापाल व्हावे, अशी घरच्यांची इच्छा होती. मुलाचा ओढा मात्र नाटकाकडे. वाणिज्य शाखेच्या शिक्षणानंतर त्यांनी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये प्रवेश मिळविला आणि संकलनाचे शिक्षण घेतले.

मुंबईतील प्रारंभीची वर्षे जाहिरातपटांत गेली. फेव्हिकॉलच्या गाजलेल्या दूरचित्रवाणी जाहिरातीत तर ते स्वतःच झळकले. विधू विनोद चोप्रा यांच्या '१९४२ : अ लव्ह स्टोरी'च्या (१९९४) झलकफिती त्यांनी तयार केल्या आणि 'मिशन कश्मीर'चे (२०००) संकलन केले. तीन तासांचा ऐवज काही सेकंदांत बसविण्याची ही तालीम पुढे पटकथेच्या कामी आली.

'मुन्नाभाई एम.बी.बी.एस.'चे (२००३) बीज नागपुरातच पडले होते. वैद्यकीय शिक्षण घेणाऱ्या मित्रांचे किस्से आणि रुग्णाकडे केवळ 'केस' म्हणून पाहण्याची वृत्ती त्यांच्या मनात घर करून होती. खलनायक शोधत न बसता त्यांनी वृत्तीलाच प्रतिस्पर्धी केले. 'लगे रहो मुन्नाभाई'पासून (२००६) अमेरिकेत इंग्रजीचे अध्यापन करणारे अभिजात जोशी सहलेखक झाले. या चित्रपटाच्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दिलीप प्रभावळकर यांच्या गांधीजींचे कौतुक मराठी प्रेक्षकाला वेगळे सांगावयास नको.

'थ्री इडियट्स'ने (२००९) यशाबरोबर वादही आणला. चित्रपट चेतन भगत यांच्या कादंबरीवर बेतलेला असताना तिचा उल्लेख अखेरच्या नामावलीत आला आणि कथेचे श्रेय जोशी व हिरानी यांना देण्यात आले. भगत यांनी जाहीर नाराजी व्यक्त केली. निर्मात्यांनी कराराकडे बोट दाखविले. कराराच्या दृष्टीने निर्मात्यांची बाजू भक्कम असेलही, परंतु लेखकाच्या श्रेयाविषयी आग्रही असणाऱ्या चमूकडून अधिक औदार्याची अपेक्षा होती.

लिहिलेले मोडून टाकण्याची मात्र हिरानींना भीती वाटत नाही. 'पीके'ची मूळ कल्पना 'इन्सेप्शन' (२०१०) या हॉलिवूडपटाशी जुळत असल्याचे ध्यानात येताच त्यांनी ती बाजूला सारून नव्याने लेखन केले; चित्रपट यावयास २०१४ उजाडले. 'संजू'च्या (२०१८) वेळी या सवयीची दुसरी बाजू दिसली. सुरुवातीच्या खेळात प्रेक्षकांना नायकाविषयी सहानुभूती वाटेना, म्हणून काही प्रसंग नंतर घातल्याचे त्यांनीच सांगितले. संजय दत्त यांची प्रतिमा उजळल्याचा आक्षेप त्यामुळे अधिकच टोकदार झाला.

दरम्यान, 'राजकुमार हिरानी फिल्म्स'द्वारे ते निर्मितीतही उतरले. इतरांच्या दिग्दर्शनासाठी त्यांनी 'साला खडूस'ची (२०१६) सहनिर्मिती केली. परदेशी बेकायदा जाणाऱ्या पंजाबी तरुणांवरील 'डंकी' २१ डिसेंबर २०२३ रोजी प्रदर्शित झाला. जोशी व कनिका ढिल्लों यांच्यासह लेखन, शिवाय सहनिर्मिती, दिग्दर्शन आणि संकलन अशा चारही जबाबदाऱ्या हिरानी यांनी त्यात सांभाळल्या.