सुवर्णपदकाची पारख

श्रोतेहो, श्रीगोंदे तालुक्यातले काष्टी म्हटले की डोळ्यांपुढे आधी उभा राहतो तो तिथला जनावरांचा बाजार. बैल घ्यायला आलेला शेतकरी तिथे काय करतो? दात पाहतो, खूर पाहतो, चार पावले चालवून पाहतो. मग उपरण्याखाली हातात हात जातात आणि बोटांच्या खुणांनी भाव ठरतो. शेजारी उभा असलेल्यालाही पत्ता लागत नाही. पण रंगवलेली शिंगे आणि गळ्यातल्या घुंगरमाळा पाहून कोणी जाणता माणूस पैसे मोजीत नाही.

आज मला बोलायचे आहे ते मात्र सिनेमाविषयी. बैलाची पारख आपल्याला येते; सिनेमाची कशी करायची? स्वातंत्र्य मिळाल्यावर हाच प्रश्न देशापुढे उभा राहिला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात हातात पैसा खेळू लागलेले नवखे लोक या धंद्यात शिरले होते. नटनट्यांचे भाव चढले होते. सरकारने 1949 साली स. का. पाटील यांच्या अध्यक्षतेखाली एक चौकशी समिती नेमली. तिचा अहवाल 1951 साली आला. आणि 1954 साल उजाडले तेव्हा एकाच वर्षात सिनेमाची पारख करणारे दोन सोहळे झाले.

पहिला सोहळा झाला 21 मार्चला, मुंबईच्या मेट्रो चित्रपटगृहात. तो होता ‘फिल्मफेअर’ या नियतकालिकाचा. तिथे निवड झाली ती वाचकांच्या मतांवरून. उत्कृष्ट चित्रपट ठरला बिमल रॉय यांचा ‘दो बिघा जमीन’. त्याची गोष्ट काष्टीच्या बाजारातल्या कोणालाही परकी वाटायची नाही. शंभू नावाच्या शेतकऱ्याची दोन बिघे जमीन जमीनदाराला गिरणीसाठी हवी असते. शंभूच्या हिशेबाने देणे निघते 65 रुपये. जमीनदाराच्या वहीत ते 235 झालेले असते. पैसे उभे करायला शंभू कलकत्त्याला जातो आणि माणसांना वाहणारी रिक्षा ओढतो. जो माणूस आयुष्यभर बैल हाकीत आला, तो स्वतःच जुंपला जातो!

दुसरा सोहळा 10 ऑक्टोबरला, दिल्लीत. हे सरकारी पुरस्कार होते. आधी प्रादेशिक समित्यांनी चित्रपट निवडायचे आणि शेवटचा निर्णय मध्यवर्ती समितीने द्यायचा, अशी पद्धत. तिथे ‘दो बिघा जमीन’ला गुणवत्तेचे प्रशस्तिपत्र मिळाले. राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मात्र मिळाले एका मराठी चित्रपटाला, आचार्य अत्रे यांच्या ‘श्यामची आई’ला.

शिक्षकबंधूंनी इथे थोडे थांबावे. मूळ पुस्तक लिहिले साने गुरुजींनी, 1933 साली, नाशिकच्या तुरुंगात. गुरुजी अमळनेरला शिक्षक होते. चित्रपट काढणारे अत्रेही पुण्याच्या शाळेत मुख्याध्यापक होते. म्हणजे एका मास्तरांची गोष्ट दुसऱ्या मास्तरांनी पडद्यावर आणली. आईची भूमिका केली वनमाला यांनी. 1941 सालच्या ‘सिकंदर’ चित्रपटात भरजरी वेषात दिसलेली हीच नटी इथे कोकणातल्या कर्जात बुडालेल्या घरची आई झाली. चित्रपट 1953 च्या मार्चमध्ये लागला. तो पाहायला गुरुजी नव्हते; 1950 साली ते गेले होते.

पाहा, पारखीच्या रीती दोन. एकीकडे हजारो वाचकांची मते, दुसरीकडे मोजक्या जाणत्यांची समिती. पण दोघांचीही नजर गेली ती खेड्यातल्या गरिबाच्या घराकडे. एका चित्रपटात कर्जापायी जमीन जाते, दुसऱ्यात कर्जाने घराची अब्रू पणाला लागते. आणखी एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. दिल्लीच्या त्या पहिल्या सोहळ्यात नट किंवा नटी यांच्यासाठी पुरस्कारच नव्हता. तो सुरू झाला 1967 सालच्या चित्रपटांपासून. पहिल्या वेळी मान होता तो सबंध कृतीचा.

पण पदक मिळाले म्हणजे सारे मिळाले असे नाही. दुसऱ्याच वर्षी अत्र्यांच्या ‘महात्मा फुले’ला मराठीसाठीचे रौप्यपदक मिळाले खरे. तरी सर्व भाषांमधून पहिला येण्याचा मान मराठीकडे परत यायला पन्नास वर्षे लागली. 2004 साली तो ‘श्वास’ने आणला. तीही खेड्यातल्या एका आजोबांची आणि नातवाचीच गोष्ट! शाबासकीने बैलाचे पोट भरत नाही, त्याला वैरण लागते. चित्रपटाची वैरण म्हणजे तिकीट काढून येणारा प्रेक्षक. पूर्वी जत्रेत तंबूतला सिनेमा यायचा, कनातीत दाटीवाटीने बसून माणसे तो पाहायची. आता चित्र हातातल्या फोनवर येते आणि पोरे ते एकेकटी पाहतात.

तेव्हा गुरुजनहो, वर्गातल्या मुलांना एवढे जरूर विचारा: काल काय पाहिलेस? त्यात कष्ट कोणाचे होते, आणि मान कोणाला मिळाला? तुझ्या घरासारखे घर त्यात कुठे दिसले का? बैलाचे दात पाहायला मूल बापाच्या बोटाला धरून शिकते. हेही कोणीतरी बोट धरूनच शिकवायला हवे.