तलाकनामा आणि न्यायालय

तलाक बहुधा तोंडी दिला जातो, पण कोर्टात भांडण होते ते कागदावरून. पत्नीने पोटगीचा अर्ज केला की पतीकडून तलाकनामा पुढे येतो. त्यावर जुनी तारीख आणि दोन साक्षीदारांच्या सह्या असतात. खुलानामा असेल तर खाली तिचाच अंगठा असतो. ‘हा कागद मी कधी पाहिलाच नाही,’ असे ती सांगते. अशा वेळी कायदा काय म्हणत आला, हे आपल्या समाजाने जाणून घ्यावे असे आम्हाला वाटते.

हनफी परंपरेने लेखी तलाक मान्य केला; पण कागदावर आंधळा विश्वास ठेवा असे सांगितले नाही. एकाचे अक्षर दुसऱ्याच्या अक्षरासारखे असू शकते, हा इशारा जुन्या फकिहांनीच दिला होता. सूरह तलाकमध्ये दोन न्यायी साक्षीदार ठेवण्याची आज्ञा आहे, तीही याच सावधगिरीची.

इंग्रजी अमलात १८८० चा काझी कायदा आला. नेमलेल्या काझीला या कायद्याने न्यायदानाचा कोणताही अधिकार मिळत नाही, असे त्यातच लिहिले आहे. म्हणजे काझीचा शिक्का हा निवाडा नव्हे. तरीही कागदाचे वजन वाढत गेले. १९०५ साली साराबाई खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने पत्नीच्या गैरहजेरीत काझीसमोर दिलेला तलाक आणि तिथेच लिहिलेला तलाकनामा ग्राह्य धरला. त्या खटल्यातला कागद खोटा नव्हता. पण पत्नीच्या पाठीमागे तयार झालेला कागद तिचे लग्न मोडू शकतो, हे एकदा मान्य झाल्यावर खोटेपणाला वाव मिळाला.

हा वाव कमी व्हायला जवळजवळ शंभर वर्षे लागली. मे २००२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद येथील पूर्णपीठाने दगडू पठाण खटल्यात सांगितले की, तलाक दिल्याचे नुसते म्हणणे पुरेसे नाही; पतीने तो पुराव्याने सिद्ध केला पाहिजे. कारण काय होते, समेटाचा प्रयत्न झाला का, हेही दाखवले पाहिजे. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाचा शमीम आरा निकाल आला. या बाईंनी १९७९ मध्ये पोटगी मागितली होती. पतीने १९९० च्या लेखी उत्तरात सांगितले, ‘मी १९८७ मध्येच तलाक दिला आहे.’ न्यायालयाने हा तलाक सिद्ध झाला असे मानले नाही, आणि कैफियत दाखल झाल्याच्या दिवसापासूनही तो धरला नाही.

या निकालांचे महत्त्व आम्हाला असे वाटते : कागद खोटा आहे हे सिद्ध करण्याचे सारे ओझे बाईवर राहिले नाही. आधी पतीने तलाक खरा ठरवायचा.

तरीही तिने स्वस्थ बसू नये. कागद नाकारल्याचे पहिल्याच लेखी उत्तरात स्पष्ट लिहावे. झेरॉक्सवर न थांबता मूळ प्रत मागावी. साक्षीदारांची उलटतपासणी व्हावी, सही किंवा अंगठा तज्ज्ञाकडे पाठवण्याचा अर्ज करावा. स्टॅम्पपेपर असेल तर तो कधी विकला गेला, हे विक्रेत्याच्या नोंदवहीत पाहता येते. कागदावरची तारीख त्याआधीची निघाली, तर वेगळे सांगायला नको. विवाह कायम असल्याचे घोषित करून मागण्याचा दावा कुटुंब न्यायालयात लावता येतो. दस्त रद्द करून मागायचा असेल, तर तो कळल्यापासून तीन वर्षांची मुदत असते.

फौजदारी वाटही आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत बनावट दस्त करणे कलम ३३६ खाली आणि तो खरा म्हणून वापरणे कलम ३४० खाली गुन्हा आहे. कोर्टात दाखल होण्यापूर्वीच दस्त बनावट केला असेल, तर फिर्यादीसाठी त्या कोर्टाच्याच तक्रारीची वाट पाहावी लागत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २००५ मध्ये ठरवले आहे.

२०१७ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आणि २०१९ चा कायदा यांमुळे एका दमातला तिहेरी तलाक रद्दबातल झाला. पण तलाक-ए-अहसन आणि खुला यांचे कागद राहिले आहेत, आणि तारखेचा प्रश्नही राहिला आहे. लग्नाची नोंद होते तशी विवाहविच्छेदाचीही, दोघांना समोर बसवून, सक्तीची नोंद झाली पाहिजे. ही मागणी शरीअतच्या विरोधात जात नाही. साक्षीदारांची आज्ञा पाळायची, तर एवढे करावेच लागेल.