साताऱ्याचा राजपथ : पोवई नाका ते राजवाडा

सातारा : अजिंक्यताऱ्याच्या उत्तर पायथ्याशी वसलेल्या सातारा शहराची रचना डोंगराने ठरविली आहे. दक्षिणेला किल्ला आणि पश्चिमेला यवतेश्वरचा डोंगर असल्याने शहर उतारावर पूर्व-पश्चिम पसरत गेले. त्यामुळेच येथील दोन्ही प्रमुख रस्ते एकमेकांना समांतर धावतात. किल्ल्याच्या बाजूचा, उंचावरील रस्ता म्हणजे राजपथ, तर उताराकडील रस्ता म्हणजे कर्मवीर पथ. सातारकरांच्या बोलण्यात मात्र ते आजही 'वरचा रस्ता' आणि 'खालचा रस्ता' असेच आहेत.

राजपथाची सुरुवात शहराचे प्रवेशद्वार मानल्या जाणाऱ्या पोवई नाक्यावरील छत्रपती शिवाजी महाराजांच्या पुतळ्यापासून होते. तेथून कमानी हौद, देवी चौक आणि मोती चौक असा सुमारे दोन किलोमीटरचा प्रवास करून तो राजवाड्यासमोर पोहोचतो. मोती चौक परिसर कंदी पेढ्यांच्या दुकानांसाठी प्रसिद्ध आहे. राजवाड्यापुढे हाच मार्ग समर्थ मंदिर चौकाकडे जातो आणि तेथून बोगदामार्गे सज्जनगड व ठोसेघरची वाट धरता येते.

छत्रपती शाहू महाराजांचा राज्याभिषेक १७०८ मध्ये साताऱ्यात झाला आणि किल्ल्याखाली शहर वाढू लागले. पुढे इंग्रजांनी १८१९ च्या तहानुसार छत्रपती प्रतापसिंह महाराजांना गादीवर बसविले. त्यांच्या कारकिर्दीत शहरातील रस्ते व पाणीपुरवठा या कामांना चालना मिळाली. जुना राजवाडाही त्याच काळातला, १८२४ च्या सुमाराचा. इंग्रजांनी १८३९ मध्ये महाराजांना पदच्युत करून काशीला पाठविले आणि १८४८ मध्ये राज्य खालसा केले. सत्ता गेली, तरी राजवाडा हेच शहराचे केंद्र राहिले.

याच राजवाड्यात भरणाऱ्या सरकारी हायस्कूलमध्ये ७ नोव्हेंबर १९०० रोजी बालक भीमराव आंबेडकर यांचा शाळाप्रवेश झाला. हीच शाळा पुढे प्रतापसिंह हायस्कूल म्हणून ओळखली गेली. राज्यात ७ नोव्हेंबर हा 'विद्यार्थी दिवस' म्हणून पाळला जातो, तो या घटनेच्या स्मरणार्थ.

पालख्या, घोडे आणि टांग्यांच्या काळात आखलेल्या या रस्त्यावर आज एसटी, रिक्षा, दुचाकी आणि पर्यटकांच्या मोटारी एकाच वेळी धावतात. पुणे-बंगळूर महामार्ग शहराबाहेरून जातो, रेल्वे स्थानकही माहुलीच्या बाजूला, शहरापासून दूर आहे. त्यामुळे लांब पल्ल्याची वाहतूक बाहेरच राहते. मात्र कास पठाराचा पश्चिम घाटासोबत २०१२ मध्ये जागतिक वारसा यादीत समावेश झाल्यापासून फुलांच्या हंगामातील पर्यटकांची भर शहरातील रस्त्यांवर पडते.

पोवई नाक्यावर अनेक रस्ते एकत्र येत असल्याने तेथे कोंडी नित्याची झाली होती. त्यावर उपाय म्हणून भुयारी ग्रेड सेपरेटर उभारण्यात आला आणि जानेवारी २०२१ मध्ये तो वाहतुकीस खुला झाला. नाक्यावरचा भार त्यामुळे विभागला गेला, पण राजपथाची रुंदी होती तेवढीच राहिली. दोन्ही बाजूंना दुकाने आणि जुनी घरे दाटीने उभी आहेत. रुंदीकरण करायचे, तर शहराचा जुना चेहराच पुसावा लागेल. न करायचे, तर रस्त्याकडेला उभ्या वाहनांतून वाट काढणाऱ्या पादचाऱ्याची अडचण कायम राहते.

शहराची हद्दवाढ २०२० मध्ये मंजूर झाली आणि उपनगरे पालिकेत आली. तरीही खरेदी, सण आणि मिरवणुकांसाठी सातारकर आजही राजपथावरच येतात. दोन शतकांपूर्वीच्या या रस्त्याचे महत्त्व त्यातच आहे आणि त्याच्यापुढचा पेचही तोच आहे.